पाहुणी कचोरी, घरची भाकर

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)

बाहेरगावचा पाहुणा घरी आला, की आपण त्याला गाव दाखवायला नेतो. देऊळ दाखवतो, एखादा जुना वाडा दाखवतो, तळं असेल तर तळं दाखवतो. मग घरी आणून जेवू घालतो. गाव दाखवणं आणि जेवू घालणं ही आपल्या मनात दोन वेगळी कामं आहेत. युरोपातल्या शहरांनी अलीकडे ही दोन्ही कामं एकत्र केली आहेत. तिथं पैसे घेऊन गाव दाखवणारे वाटाडे तीन-चार तास पायी हिंडवतात, पाच-सहा ठिकाणी थांबून थोडं थोडं खायला देतात आणि त्या प्रत्येक घासामागची हकीकत सांगतात. केवळ आपल्या कुटुंबापुरता असा वाटाड्या ठरवण्याचीही सोय असते.

मी खामगावचा. आयुष्यभर शाळेत इतिहास शिकवला. मुलगी आणि जावई डेन्मार्कची राजधानी कोपनहेगन इथं नोकरीला आहेत. दोन वर्षांपूर्वी आम्ही उभयता त्यांच्याकडे गेलो, तेव्हा मुलीनं आमच्यासाठी अशी एक फेरी ठरवली होती. आम्ही दोघंही माळकरी. त्यामुळे मासे आणि मांस वगळून जे उरेल ते, असा करार आधीच झाला होता. उरलं तेही कमी नव्हतं. टॉर्वेहॅलर्न नावाचा काचेच्या भिंतींचा एक बाजार आहे, २०११ साली उघडलेला. तिथं राय नावाच्या धान्याच्या काळ्या, आंबूस, जड पावाच्या कापावर उकडलेल्या बटाट्याच्या चकत्या मांडून दिल्या. हा पाव म्हणजे तिथल्या कष्टकऱ्यांची शिदोरी. पुढं रस्त्याच्या कडेला सॉसेजची हातगाडी लांबूनच पाहिली. अशा गाड्या कोपनहेगनच्या रस्त्यांवर १९२१ पासून उभ्या आहेत. शेवटी एका बेकरीत लोणी लावून पदर पदर सोडवलेला गोड पाव खाल्ला. जगभर त्याला ‘डॅनिश’ म्हणतात. पण डॅनिश लोक स्वतः त्याला ‘व्हिएन्ना पाव’ म्हणतात! एकोणिसाव्या शतकात ऑस्ट्रियातून आलेल्या कारागिरांकडून ती कला त्यांच्याकडे आली, म्हणून ते नाव. जग ज्याला त्यांचं म्हणून ओळखतं, त्याच्या नावात त्यांनी पाहुण्याचं गाव जपलं आहे.

मला ही गोष्ट फार आवडली. आणि साहजिकच असं वाटलं, की अशी फेरी आपल्या बुलढाणा जिल्ह्यात काढायची ठरवली, तर काय खायला मिळेल आणि त्या खाण्यातून कोणता इतिहास दिसेल? परतल्यावर पाहुण्यांना घेऊन मी दोन-तीनदा तशी फेरी काढलीही. श्रोतेहो, आज त्याच वाटेनं तुम्हालाही नेणार आहे.

आपल्या जिल्ह्याचे सरळ दोन भाग आहेत, घाटाखालचा आणि घाटावरचा. अजिंठ्याची डोंगररांग मधून जाते. खाली पूर्णेच्या खोऱ्यातली काळी जमीन, तीत मलकापूर, नांदुरा, खामगाव, शेगाव, जळगाव जामोद, संग्रामपूर. वर पठारावर बुलढाणा, चिखली, मेहकर, लोणार, सिंदखेडराजा, देऊळगाव राजा. रेल्वेची मुख्य वाट घाटाखालून गेली. फेरीची सुरुवात म्हणून मी खालूनच करतो, आणि तीही खाण्याच्या दुकानापासून करत नाही, खामगावच्या कापसाच्या बाजारापासून करतो. कारण आपल्या ताटाचं नशीब इथं ठरलं.

खामगावात कापसाचा बाजार १८२० च्या सुमारास भरू लागला, अशी जुन्या ग्रंथांतली नोंद आहे. त्या काळी वऱ्हाडचा कापूस बैलांच्या पाठीवरून पार उत्तरेला, गंगेकाठच्या मिर्झापूरला जाई. १८२५-२६ मध्ये विकाजी आणि पेस्तनजी या पारशी व्यापाऱ्यांनी तो प्रथमच मुंबईकडे वळवला. पाचशे बैलांचा तांडा घाट उतरून गेला. १८५३ साली निजामाकडून वऱ्हाडचा कारभार इंग्रजांकडे आला. पुढं १८६१ मध्ये अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिकडचा कापूस अडला, मँचेस्टरच्या गिरण्या बंद पडू लागल्या आणि इंग्रजांचं लक्ष वऱ्हाडच्या काळ्या जमिनीकडे गेलं. मुंबईहून निघालेली लोहमार्गाची वाट वऱ्हाड ओलांडून १८६७ मध्ये नागपूरला पोचली. १८७० मध्ये जलंब ते खामगाव अशी एक छोटी शाखा खास या बाजारासाठी टाकली गेली. तिचं उद्‌घाटन करायला हिंदुस्थानचे व्हाइसरॉय लॉर्ड मेयो स्वतः आले होते. जेमतेम तेरा किलोमीटरच्या फाट्यासाठी व्हाइसरॉय यावा, यावरून कापसाची किंमत कळते.

आता या सगळ्याचा आपल्या ताटाशी काय संबंध? संबंध असा, की सारा रोखीनं भरायचा, त्यासाठी रोखीचं पीक हवं आणि रोखीचं पीक म्हणजे कापूस. पूर्वी सुगी झाली, की घरची ज्वारी पेवात जाई. पेव म्हणजे जमिनीत खणलेलं धान्याचं कोठार. आतून सारवलेलं, कडबा-पाचोळ्याचं अस्तर दिलेलं, वरून मातीनं बुजवलेलं. एखादं वर्ष कोरडं गेलं तरी पेव उघडून घर तगत असे. आज ‘पेव फुटणं’ हा वाक्प्रचार तेवढा आपल्या बोलण्यात राहिला आहे. कापसाच्या राज्यात ज्वारी एकदम संपली असं नाही. एक वर्ष कापूस, एक वर्ष ज्वारी, ही फेरपालट पुढं कितीतरी वर्षं चालली. पण धान्य साठवायची वस्तू होतं, ते विकायची वस्तू झालं. ज्या गाडीनं कापूस जाई, त्याच गाडीनं ज्वारीही जाऊ लागली. १८९९-१९०० चा दुष्काळ आपल्याकडे ‘छपन्नचा दुष्काळ’ म्हणून ओळखला जातो. त्या वर्षी वऱ्हाडात माणसं उपाशी मरत असताना इथून कापूस आणि धान्य दोन्ही बाहेर जात होतं, हे इतिहासकार लक्ष्मण सत्या यांनी वऱ्हाडचा कापूस आणि दुष्काळ यांवरील आपल्या ग्रंथात दाखवून दिलं आहे.

इथं मला पुन्हा डेन्मार्कची आठवण होते. जवळपास त्याच काळात तिथल्या शेतकऱ्यानंही आपलं शेत इंग्लंडच्या बाजाराला जोडलं होतं. अमेरिका आणि रशियातून स्वस्त गहू येऊ लागला, तेव्हा त्यानं धान्य विकणं कमी करून लोणी आणि मांस इंग्लंडला पाठवायला सुरुवात केली. म्हणजे इंग्रज साहेबाच्या अंगातल्या सदऱ्यात आपला कापूस आणि त्याच्या पावावर डॅनिश लोणी! मग फरक कुठे पडला? १८८२ साली तिथल्या येडिंग नावाच्या खेड्यात शेतकऱ्यांनी एकत्र येऊन पहिली सहकारी दूध डेअरी काढली. काही वर्षांत तशा शेकडो डेअऱ्या उभ्या राहिल्या. माल परक्या बाजारात गेला, पण त्याचा कारखाना आणि हिशेबाची वही शेतकऱ्यांच्या हाती राहिली. आपल्याकडे वही सावकाराच्या हाती होती, भाव लिव्हरपूलला ठरत होता आणि सारा सरकार ठरवत होतं. बाजार दोघांच्याही दारात आला. एकाला त्यात बोलायला जागा होती, दुसऱ्याला नव्हती.

खामगावहून शेगाव जवळच. शेगावच्या स्टेशनवर आपला दुसरा थांबा. फलाटावर उतरलं, की तळणाचा वास येतो आणि गरम कचोरीची आरोळी कानावर पडते. वऱ्हाडाबाहेरच्या माणसाला बुलढाणा जिल्ह्यातला एकच पदार्थ विचारा, तो शेगाव कचोरीचंच नाव घेईल. पण ही कचोरी मूळची इथली नाही. फाळणीनंतर निर्वासित म्हणून पंजाबातून आलेले तीरथराम करमचंद शर्मा यांनी १९५० च्या सुमारास शेगाव स्टेशनवर ती विकायला सुरुवात केली. घरदार मागं टाकून आलेल्या माणसाजवळ भांडवल काय असणार? हातातली कला आणि पुढ्यातला फलाट. त्यांनी त्या दोन्हींचा मेळ घातला.

आता ही कचोरी नीट बघा, म्हणजे तिच्यात रेल्वे दिसेल. वर मैद्याचं आवरण, आत डाळीचं तिखट सारण, सोबत मीठ लावून तळलेली हिरवी मिरची. रस्सा नाही, पातळ चटणी नाही, द्रोण नाही, चमचा नाही. गाडी दोन मिनिटं थांबते. तेवढ्यात खिडकीतून पैसे आणि कागदाचा पुडा यांची अदलाबदल होते. कपड्यांवर काही सांडत नाही. गार झाली तरी खाता येते, तव्यावर गरम केली की पुन्हा चव येते, म्हणून माणसं घरी बांधून नेतात. मुंबई-हावडा वाटेवरच्या प्रवाशाला नेमकं हेच हवं होतं. कापसासाठी टाकलेल्या लोहमार्गानं ऐंशी-पंचाऐंशी वर्षांनी एका निर्वासिताला पोट भरायचं साधन दिलं. त्या माणसानं त्याच्या बदल्यात एका गावाचं नाव देशभर नेलं. डॅनिश लोकांच्या व्हिएन्ना पावासारखीच ही गोष्ट आहे.

स्टेशनवरून गावात चालत गेलं, की श्री गजानन महाराजांचं मंदिर येतं. हा तिसरा थांबा, आणि माझ्या मते फेरीतला सगळ्यात मोलाचा. महाराज शेगावात प्रथम दिसले तो दिवस २३ फेब्रुवारी १८७८. देविदास पातुरकर यांच्या घरी पंगत उठली होती आणि उष्ट्या पत्रावळी बाहेर टाकल्या होत्या. त्या पत्रावळींवर राहिलेली शितं वेचून खाणारा एक तरुण बंकटलाल अगरवाल आणि दामोदरपंत कुलकर्णी यांच्या दृष्टीस पडला. ही कथा आपल्यापैकी प्रत्येकाला पाठ आहे. इतिहासाचा शिक्षक म्हणून मी तिच्याशेजारी एवढीच तारीख ठेवतो, की १८७६ ते १८७८ या वर्षांत दख्खन आणि मद्रास इलाख्यात मोठा दुष्काळ होता आणि लाखो माणसं अन्नावाचून गेली होती. त्या काळात एक सत्पुरुष लोकांना पहिल्यांदा दिसतो तो टाकून दिलेली शितं उचलताना. अध्यात्माचा अर्थ अधिकारी मंडळी सांगतील. अन्नाची किंमत मात्र अशिक्षित माणसालाही त्यातून कळली.

दासगणू महाराजांच्या ‘श्रीगजाननविजय’ पोथीत झुणका आहे, कांदा आहे, आणि ज्वारीची भाकर आहे. लोकमान्य टिळकांना १९०८ मध्ये शिक्षा झाली, तेव्हा महाराजांनी कोल्हटकरांच्या हाती त्यांच्यासाठी भाकरीचा प्रसाद पाठवला, अशी कथा त्या पोथीत येते. पेढा नाही, बर्फी नाही, भाकर. ८ सप्टेंबर १९१० रोजी, ऋषिपंचमीला, महाराजांनी समाधी घेतली. तेव्हापासून आजपर्यंत प्रगटदिनाला आणि ऋषिपंचमीला वऱ्हाडातल्या घराघरांत पिठलं, भाकर, अंबाडीची भाजी आणि हिरवी मिरची यांचा नैवेद्य होतो. ज्या घरात एरवी भाकर होत नाही, त्या घरातली शहरात वाढलेली सूनही त्या दिवशी सासूला फोन करून भाकर कशी थापायची ते विचारते. मंदिरानं भाकर जपली, ती अशी. एखादं अन्न बाजारात हरलं, तरी देवघरात टिकतं.

शेगावहून पुन्हा खामगावला येऊन आपण घाट चढू. मेहकरच्या वाटेनं वर गेलं, की जमिनीचा रंग आणि बोलण्याचा हेल दोन्ही थोडे बदलतात. मेहकर तालुक्यात हिवरा आश्रम नावाचं गाव आहे. शुकदास महाराजांनी इथं विवेकानंद आश्रम उभा केला. २०१७ साली ते गेले. दरवर्षी विवेकानंद जयंतीच्या उत्सवात इथं जो महाप्रसाद होतो, तो एकदा तरी पाहावा. उघड्या शेतात माणसांच्या रांगाच रांगा बसतात. पुरी आणि वांग्याची भाजी, दोनच पदार्थ. आणि वाढायला ट्रॅक्टर! ट्रॉलीत पुऱ्या भरलेल्या, माणसं दोन्ही बाजूंनी उतरून वाढत जातात. वाढणाऱ्याला खाणाऱ्याची जात विचारायला वेळ नाही आणि गरजही नाही. आपल्या भागात पूर्वी पंगती कशा बसत, कोण कुठं बसे आणि कोणाला बाहेर थांबावं लागे, हे ज्यांना आठवतं त्यांना या रांगांचं मोल अधिक कळेल.

वांगं हे मात्र अस्सल भारतीय. गव्हाच्या जाड गोळ्यांचे गोवऱ्यांच्या निखाऱ्यावर भाजलेले रोडगे आणि वांग्याची भाजी हे शेतातल्या देवकार्याचं वऱ्हाडी जेवण. पण त्या भाजीतली मिरची? ती अमेरिका खंडातली. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांच्या जहाजांतून ती आपल्या किनाऱ्यावर उतरली. भाजीत घातलेलं शेंगदाण्याचं कूट? तोही दाणा मूळचा तिकडचाच. आज ठेच्यावाचून वऱ्हाडी माणसाला ताट पुरं वाटत नाही. एवढंच कशाला, जिला आपण घरची म्हणतो ती ज्वारीसुद्धा आफ्रिकेतून आलेली आहे. फरक इतकाच, की ती साडेतीन-चार हजार वर्षांपूर्वी आली. म्हणजे ताटातला जवळजवळ प्रत्येक जण कधी ना कधी पाहुणा होता. जो राहिला, रुजला आणि ज्यानं आपल्या लोकांचं पोट भरलं तो घरचा झाला. तेव्हा कचोरी आली म्हणून भाकर गेली, असं जे कधी कधी म्हटलं जातं, ते खरं नाही. भाकर फलाटावर हरली नाही. ती गेली शेतातून.

कशी गेली, ते सांगण्यासाठी पाहुण्यांना मी घाटावरच्या एका नातलगांच्या स्वयंपाकघरात नेतो. हा आपला पाचवा थांबा. इथं म्हातारी मावशी काठवटीत पीठ मळते आणि कळण्याची भाकर थापते. ज्वारीत काळे उडीद मिसळून दळलं, की ते कळण्याचं पीठ. सोबत जवसाची चटणी आणि अंबाडीची भाजी. भाकर तव्यावर टाकली, की वरून पाण्याचा हात फिरवायचा, उलटायची आणि मग निखाऱ्यावर फुगवायची. खाता खाता मी मावशीला १९७२ चं साल विचारतो.

त्या दुष्काळात मी बारा वर्षांचा होतो. आईबरोबर रेशनच्या रांगेत पिशवी धरून उभा राहिल्याचं मला स्पष्ट आठवतं. पिशवीत पडायचा तो लाल रंगाचा मिलो. मिलो म्हणजे अमेरिकेतून आलेली तांबडी ज्वारी. तिकडं ती मुख्यतः जनावरांना घालतात, हे पुढं मोठेपणी वाचलं. तिच्या भाकरी धड थापल्या जात नसत, कडा फाटत. आई उकळत्या पाण्यात पीठ भिजवून बघायची. ज्वारीच्या माहेरघरात, ज्वारीच्या पेवांच्या मुलखात, सात समुद्रापलीकडून आलेली ज्वारी आम्ही खाल्ली! दुष्काळी कामावर सुकडी मिळे. मावशीनं खडी फोडली आहे. तिला त्या सुकडीची चव अजून आठवते आणि ती वाईट नव्हती, असं ती हसत सांगते. त्या अन्नानं माणसं जगली, हे विसरून चालणार नाही.

त्याआधीच १९६४ मध्ये ‘सीएसएच-१’ हे ज्वारीचं पहिलं संकरित वाण आलं होतं. लोकांनी तिचं नाव साधं ‘हायब्रीड’ ठेवलं. उत्पादन वाढलं, पण जुनी माणसं चवीला नाक मुरडत आणि तिचा कडबा बुटका म्हणून बैलवालेही नाराज. ज्वारीचं खरं बळ तिच्या दाण्याइतकंच कडब्यात होतं. माणसाला दाणा, बैलाला कडबा. पुढं ट्रॅक्टर आले, बैल कमी झाले, कडब्याची गरज घटली. नव्वदच्या दशकापासून सोयाबीन पसरलं. ते तीन-सव्वातीन महिन्यांत हाती येतं आणि रोख देतं. ज्वारीला मात्र कणीस भरलं की पाखरं राखायला माळ्यावर गोफण घेऊन माणूस बसवावा लागतो. ती गोफण घेऊन बसणारी पोरं शाळेत गेली, ते चांगलंच झालं. रोही आणि रानडुकरांनी उरलंसुरलं पीक मोडलं. सोंगायला, खुडायला मजूर मिळेना. शिधापत्रिकेवर गहू-तांदूळ स्वस्त झाला, आणि २०२३ पासून अन्नसुरक्षेच्या कार्डावर तो मोफतच मिळतो. शेतकऱ्यानं काय करावं? त्याला दोष देता येत नाही. त्याच्या प्रत्येक निर्णयाला त्या त्या वर्षी चांगलं कारण होतं. सगळ्या निर्णयांची बेरीज मात्र अशी झाली, की ज्वारी पिकवणाऱ्या घरात आज ज्वारी विकत आणली जाते, आणि ती गव्हापेक्षा महाग पडते. गरिबाची भाकर आता ढाब्यावर ‘स्पेशल’ म्हणून मिळते.

सरकारनं भाकरीला हात दिला नाही असं नाही. १९९५ मध्ये एक रुपयात झुणका-भाकर देणारी केंद्रं राज्यभर निघाली होती. बसस्थानकाबाहेरच्या त्या टपऱ्या आपण सर्वांनी पाहिल्या आहेत. पण ताटात भाकर वाढायची सोय झाली, शेतात ज्वारी परवडायची सोय झाली नाही. योजना गुंडाळली गेली आणि त्यातल्या बऱ्याच टपऱ्यांत चहा-नाश्ता सुरू झाला. पुढं भारताच्या पुढाकारानं संयुक्त राष्ट्रांनी २०२३ हे भरडधान्यांचं वर्ष म्हणून साजरं केलं. शहरात ज्वारीची बिस्किटं आणि पोहे दिसू लागले. त्याला नावं ठेवण्याचं कारण नाही. डेन्मार्ककडे पाहिलं तर २००४ साली नॉर्डिक देशांतल्या बारा नामवंत आचाऱ्यांनी कोपनहेगनमध्ये एक जाहीरनामा काढला होता. आपल्या मातीत, आपल्या हवेत, आपल्या ऋतूत जे येतं, त्यावर आपला स्वयंपाक उभा करायचा, असा त्याचा आशय. त्यानंतर कोपनहेगनला जगभरचे खवय्ये जाऊ लागले. पण त्यांच्या काळ्या पावाला कोणी वाचवावं लागलं नव्हतं. तो घरोघरी, शाळेच्या डब्यात रोज खाल्ला जात होताच. आचाऱ्यांची कीर्ती त्या रोजच्या पावावर उभी राहिली. आपल्याकडे नेमकं हेच तपासायला हवं. ढाब्यावर भाकर आहे, उत्सवात आहे, जाहिरातीत आहे. डब्यात आहे का?

फेरीचा शेवटचा थांबा सिंदखेडराजा. मेहकरहून दुसरबीडमार्गे तिथं जाता येतं. लखुजीराव जाधवांच्या वाड्याच्या भव्य दरवाजातून आत गेलं, की जिजाऊंचं जन्मस्थान. तारीख १२ जानेवारी १५९८. दरवर्षी या दिवशी लाखो माणसं इथं येतात. ती गर्दी ओसरते न ओसरते तोच भोगीचा सण येतो. त्या दिवशी घाटावरच्या घरांत तीळ लावलेली बाजरीची भाकर आणि हरभरा, वालाच्या शेंगा, वांगी, बोरं, गाजर असं हंगामात शेतात जे असेल ते घातलेली मिसळीची भाजी होते. कोणी तिला खेंगट म्हणतं, कोणी लेकुरवाळी. तीळ, वांगी, हरभरा ही जिजाऊंच्या काळातही इथल्या शेतातली पिकं होती. वाड्याचे दगड पाहून जो काळ कळत नाही, तो या ताटात थोडा तरी हाताला लागतो.

पाहुण्यांना इथं आणलं, की मी त्यांना एक काम देतो आणि तेच काम आज तुम्हालाही देतो. आपल्या घरात सत्तरीच्या पुढचं जे कोणी माणूस असेल, त्याला तीन गोष्टी विचारून वहीत लिहून ठेवा. तुमच्या लहानपणी घरात वर्षाचं धान्य कुठं आणि किती साठवलं जाई? बहात्तर साली तुम्ही काय खाल्लंत? आणि शेवटचा हुरडा स्वतःच्या शेतातला कोणत्या वर्षी खाल्लात? पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरं माणसं भराभर देतात. तिसऱ्याला थांबतात, बोटं मोजतात, घरातल्या दुसऱ्या कुणाला तरी विचारतात. ते वर्ष मिळालं, की तारखेसह लिहा. आपल्या गावच्या इतिहासातली ती एक महत्त्वाची तारीख आहे आणि ती कोणत्याही शिलालेखावर सापडणार नाही.

आणि ज्यांच्याकडे शेत आहे, त्यांना एक विनंती. सगळं शेत नको, चार ओळीही पुरे. सोयाबीन काढल्यावर विहिरीजवळच्या तुकड्यात घरापुरती ज्वारी टाकून बघा. पाखरं येतील, थोडी खातील. उरेल तेवढ्यात हिवाळ्याच्या भाकरी निघतात.